नाटक कॅमेऱ्यात उतरवताय? मग प्रेक्षकांना बाहेर ठेवू नका

प्रश्न थोडक्यात असा: हौशी संस्था आहे, दोन अंकी कौटुंबिक-विनोदी नाटक आहे, दिवाणखान्याचा सेट. परदेशातल्या नातेवाइकांना आणि तिकडच्या महाराष्ट्र मंडळांना ते ऑनलाइन दाखवायचंय. मागच्या वेळी बाल्कनीतून मोबाइलवर केलेलं चित्रण कुणालाच बघवलं नाही. आता तीन कॅमेरे मिळतायत. दिग्दर्शक म्हणतात, प्रेक्षकांची अडचण नको, एक दिवस नाट्यगृह घेऊन रिकाम्यात निवांत शूट करू. तांत्रिक बाजू कशी सांभाळायची?

तांत्रिक बाजूकडे येतोच, पण दिग्दर्शकांचा तो बेत आधी मोडीत काढा.

विनोदी नाटकाचा प्रयोग तालमीपेक्षा लांबतो आणि ती जादा मिनिटं हशाची असतात. समजा, सासरे दुधाचा पेला तोंडाला लावतात आणि सून म्हणते, "बाबा, ते दूध मनीनं आधी चाखलंय." पेला ओठांशीच थांबतो. भरल्या नाट्यगृहात नट तो पेला तिथंच धरून ठेवतो. हशा चढतो, उतरू लागतो आणि पुरता विरायच्या आत पुढचं वाक्य येतं. किती थांबायचं ते खुर्च्यांमधली माणसं ठरवतात. रिकाम्या खुर्च्यांसमोर तोच नट अंदाजाने दोन सेकंद थांबतो आणि चित्रणात तो वाक्य विसरल्यासारखा दिसतो. न थांबता पुढे गेला, तर घरी बघणारा हसेपर्यंत पुढचं वाक्य निघून गेलेलं असतं. संकलनात मागाहून हशा चिकटवून काही साधत नाही, कारण नटाची लयच हशासाठी घडलेली नसते.

लंडनच्या नॅशनल थिएटरने जून २००९ पासून नाटकं चित्रपटगृहांत दाखवायला सुरुवात केली. (आपल्याकडे मुंबईत एनसीपीए या कलाकेंद्रात ती दाखवली जातात.) त्यांच्याकडे पैसा, माणसं, यंत्रं यांची वानवा नव्हती, तरी कॅमेरे प्रेक्षक बसलेल्या प्रयोगालाच लागतात. कॅमेऱ्यांची तालीम आधी वेगळी होते, पण अंतिम चित्रण भरल्या नाट्यगृहात. स्टुडिओत, प्रेक्षकांविना केलेलं दूरदर्शनवरचं नाटक ही निराळी जात. त्यात अभिनयाची पट्टी खाली आणलेली असते, हालचाली कॅमेऱ्यासाठी नव्याने बसवलेल्या असतात. तेही छान होतं, पण त्याला महिनाभर वेगळं काम लागतं. तुमचं नाटक शेवटच्या रांगेपर्यंत पोचायला बसवलंय, तर ते शेवटच्या रांगेसकट टिपा.

तेव्हा दोन सलग प्रयोग ठरवा आणि दोन्ही चित्रित करा. एकात कॅमेरा हुकला, तर दुसऱ्यातला तुकडा वापरता येतो. त्यासाठी वेशभूषा, केसांची ठेवण, पेला टेबलाच्या कोणत्या बाजूला हे सगळं दोन्ही दिवस तंतोतंत सारखं हवं. बॅकस्टेजच्या माणसाला सेटचे फोटो काढून ठेवायला सांगा. जवळून हवेत असे पाच-सात शॉट (हातातलं पत्र, दाराची कडी) रंगीत तालमीत कॅमेरा थेट रंगमंचावर नेऊन घ्या. रिकाम्या नाट्यगृहाचा उपयोग तेवढाच.

आता आवाज. बजेटचा मोठा वाटा इथे जायला हवा आणि नेमका इथेच तो जात नाही. "नाट्यगृहाच्या मिक्सरमधून एक वायर घेतो, झालं," असं साउंडवाला म्हणेल. ती वायर घ्या, पण तिच्यावर विसंबू नका. मिक्सरमधून जे बाहेर पडतं ती नाट्यगृहातल्या आवाजाची भरपाई असते, संपूर्ण आवाज नसतो. ज्याचा गळा मुळातच दणदणीत आहे त्याचा माइक ऑपरेटरने खाली ठेवलेला असतो, कारण तो माणूस तसाही ऐकू जातो. मग वायरीतून आलेल्या ध्वनिमुद्रणात नेमका तोच पुटपुटतो, हळू बोलणारी आत्या कानात ओरडते आणि पार्श्वसंगीत दोघांना गिळतं. मिक्सर डिजिटल असेल, तर प्रत्येक माइक यूएसबीवाटे स्वतंत्र ट्रॅकवर घ्या. नसेल, तर निदान ऑग्झिलरी आउटपुट (मिक्सरची जादा बाहेरची वाट) प्री-फेडर, म्हणजे आवाज कमी-जास्त करायच्या सरकत्या कळीच्या (फेडरच्या) आधीच, घ्या. मग ऑपरेटर फेडरशी काय करतो याचा तुमच्या मुद्रणावर परिणाम होत नाही. पार्श्वसंगीत मात्र काहीही झालं तरी वेगळ्या ट्रॅकवर. का, ते शेवटी येईल.

रंगमंचाच्या पुढच्या कडेला ठेवलेले फूट माइक पावलं फार उचलतात. लाकडी फळ्यांवर चपला वाजवत कुणी आलं की संवाद गेलाच. त्यांच्याखाली जाड फोमचा तुकडा ठेवा आणि दोन माइकमधलं अंतर हे माइक ते नट या अंतराच्या निदान तिप्पट ठेवा. जवळजवळ मांडलेले चार माइक एकमेकांचा आवाज खातात. मुख्य भिस्त कॉलर माइकवरच ठेवा, पण कॉलरवर नको. छातीवर माइक लावला की मंगळसूत्र त्यावर आपटतं, जरीचा पदर घासतो आणि पात्राने मान वळवली की आवाज अर्धा होतो. कपाळावर, केसांच्या रेषेत लावा. वायर केसांतून मानेमागे न्या आणि दवाखान्यात वापरतात त्या पारदर्शक चिकटपट्टीने दोन जागी धरा. फेटा किंवा टोपी असेल तर तिच्या कडेखाली. डोक्याला तेल नको. घामाने ट्रान्समीटर (माइकचा आवाज बिनतारी पाठवणारी डबी) बंद पडतो, म्हणून तो छोट्या प्लास्टिकच्या पिशवीत घालूनच कमरेला बांधा. सेल अंक सुरू होण्याआधी नवे, मध्यंतरात पुन्हा नवे. अर्धे वापरलेले चालतील, ही काटकसर दुसऱ्या अंकाच्या ऐन शेवटी नडते.

स्वस्त बिनतारी माइक २.४ गिगाहर्ट्झवर चालतात आणि त्यांची गंमत अशी की तालमीत ते उत्तम वागतात. तिसरी घंटा होते, सातशे माणसं सातशे फोन घेऊन बसतात आणि आवाज तुटायला लागतो. वायफाय आणि ब्लूटूथची गर्दी त्याच पट्ट्यात असते, शिवाय माणसाचं शरीर त्या लहरी शोषून घेतं. यूएचएफ (वेगळ्या, कमी गर्दीच्या पट्ट्यात चालणारे) संच भाड्याने मिळाले तर तेच घ्या. नाहीच मिळाले तर रिसीव्हर नाट्यगृहाच्या मागच्या टोकाला न ठेवता विंगेत ठेवा, म्हणजे लहरींच्या वाटेत माणसं येत नाहीत.

आलिंगनाचा प्रसंग असेल तर दोघांचे माइक एकमेकांना चिकटतात आणि आवाज डब्यातून आल्यासारखा पोकळ होतो. अशा वेळी एकाचा माइक बंद करा, दुसऱ्यावर दोघंही ऐकू येतात. संहितेत तिथे खूण करून ठेवा, आयत्या वेळी आठवत नाही.

आणि प्रेक्षकांसाठी दोन माइक, हे विसरू नका. रंगमंचाच्या दोन्ही कडांना, तोंड प्रेक्षकांकडे, स्पीकरच्या थेट समोर नाहीत असे. ते नेहमी वेगळ्या ट्रॅकवर. संवाद चालू असताना त्यांची पातळी अगदी खाली ठेवायची, हशा-टाळ्यांना वर आणायची आणि पुढचं वाक्य यायच्या आत उतरवायची. हे कंटाळवाणं, हाताने करायचं काम आहे, पण नाटक नाटकासारखं वाटतं ते याच्यामुळे. सगळं ध्वनिमुद्रण ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर घ्या. सगळ्यात मोठी आरोळीसुद्धा उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील अशी पातळी लावा. तालमीत लावलेली पातळी प्रयोगात पुरत नाही, नट प्रेक्षक दिसले की आवाज चढवतातच.

कॅमेऱ्यावरचा माइक फक्त जुळवणीपुरता. आवाज एका सेकंदात साधारण ३४३ मीटर जातो. कॅमेरा रंगमंचापासून १५ मीटरवर असेल, तर त्याच्याकडे आवाज ४४ मिलिसेकंद उशिरा पोचतो, म्हणजे सेकंदाला २५ फ्रेम असताना एका फ्रेमहून थोडा जास्त. संकलक जेव्हा लाटा बघून आवाज जुळवतो, तेव्हा ही एक फ्रेम राहून जाते आणि ओठ किंचित पुढेमागे वाटतात. म्हणून पहिल्या घंटेआधी आणि मध्यंतरानंतर पुन्हा एकदा, रंगमंचावर उभं राहून सगळ्या कॅमेऱ्यांना दिसेल अशी टाळी वाजवा. हात मिळालेली फ्रेम बघून जुळवा. मध्यंतरानंतर पुन्हा का? साध्या यंत्रांची घड्याळं तासाभरात काही फ्रेम सरकतात.

प्रकाशयोजनाकाराला पहिल्याच बैठकीला बोलवा. डोळ्याला जे दिसतं ते कॅमेऱ्याला दिसत नाही, यावरून वाद होतात आणि त्यात चूक कुणाचीच नसते. काळ्या पडद्यापुढे एकाच स्पॉटमध्ये उभा असलेला नट डोळ्याला देखणा दिसतो. कॅमेरा ऑटोवर असेल, तर त्याला फ्रेमचा बराच भाग काळा दिसतो, तो उजेड वाढवतो आणि चेहरा पांढरा कागद होतो. ब्लॅकआउटमध्ये तो आणखी उघडतो, दिवे आले की सेकंदभर सगळं पांढरं. मागच्या वेळी मोबाइलवर नेमकं हेच झालं असणार. म्हणून सगळं हाताने लावायचं: २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद, रंगतापमान हॅलोजन दिव्यांसाठी ३२०० केल्विनवर पक्कं, आणि एक्स्पोजर (चित्रात उजेड किती घ्यायचा ते) सगळ्यात उजळ प्रसंगातल्या चेहऱ्यावर बेतलेलं. कॅमेऱ्यात झेब्रा पट्ट्यांची (ठरावीक उजेडाच्या भागावर दिसणाऱ्या तिरप्या रेघांची) सोय असेल तर ७० टक्क्यांवर लावा. गालावर जेमतेम पट्ट्या दिसल्या की पुरे. अंधाऱ्या प्रसंगासाठी लेन्सचं छिद्र एक टप्पा उघडायचं असेल तर ते ब्लॅकआउटमध्ये, संवादाच्या मध्ये कधीच नाही.

१/५० का? आपली वीज ५० हर्ट्झची, दिव्यांची लुकलुक तिच्याच तालात होते आणि शटरही त्या तालात हवं. मोबाइल बहुधा ३० फ्रेमवर असतो, त्यामुळे काही दिव्यांखाली चित्रात हलणाऱ्या पट्ट्या येतात. जुने हॅलोजन दिवे या बाबतीत गुणी, तार तापलेली राहते, लुकलुक जाणवत नाही. एलईडी पार मंद करताना मात्र ते प्रत्यक्षात झपाट्याने चालू-बंद होत असतात. डोळ्याला कळत नाही, कॅमेरा पकडतो. प्रत्येक एलईडी १०, ३०, ५० आणि १०० टक्क्यांवर लावून दहा-दहा सेकंद चित्रित करा आणि मोठ्या पडद्यावर बघा. पट्ट्या येतायत तो टक्का टाळा. सायक्लोरामावर (रंगमंचामागच्या मोठ्या पडद्यावर) प्रोजेक्टर असेल, तर त्याला जोडलेल्या संगणकाचं आउटपुट ६० ऐवजी ५० हर्ट्झ करा. निम्म्या तक्रारी तिथेच मिटतात.

गडद निळा आणि गडद लाल एलईडी हा वेगळाच छळ. रात्रीचा प्रसंग निव्वळ निळ्यात केला तर कॅमेऱ्याचा एकच रंग भरून वाहतो, चेहऱ्याचा निळा गोळा होतो, डोळे-नाक जातं. संकलनात ते परत येत नाही. समोरून दहा-पंधरा टक्के पांढरा जनरल लाइट मिसळायला सांगा. नाट्यगृहात बसलेल्याला फरक जाणवत नाही, चित्रणात माणूस ओळखू येतो. सगळ्यात अंधारे प्रसंग थोडे वर आणि सगळ्यात प्रखर स्पॉट थोडे खाली, एवढी तडजोड त्या दोन प्रयोगांपुरती मागा. मेकअपही थोडा हलका, शेवटच्या रांगेसाठी काढलेल्या भुवया क्लोजअपमध्ये व्यंगचित्रासारख्या दिसतात.

कॅमेरे कुठे? पहिला मधोमध, तळमजल्याच्या शेवटच्या रांगेमागे, लेन्स उभ्या माणसाच्या डोक्याच्या उंचीवर. बाल्कनीतून घेऊ नका. वरून बघितलं की माणसं बुटकी होतात आणि सेटपेक्षा जमीनच जास्त दिसते. या कॅमेऱ्यात पूर्ण रंगमंच बसवायचा आणि प्रयोग संपेपर्यंत त्याला हात लावायचा नाही. हिशेब सोपा आहे: अंतर गुणिले सेन्सरची रुंदी, भागिले लेन्सचा आकडा. फुल फ्रेमचा सेन्सर ३६ मिलिमीटर, अंतर १८ मीटर, लेन्स ५० मिलिमीटर, तर जवळजवळ १३ मीटर रुंदी दिसते. बारा मीटरच्या रंगमंचाला पुरेशी. समोरच्या प्रेक्षकांची दोन-चार डोकी खालच्या कडेला आली तर येऊ द्या, बघणाऱ्याला आपण कुठे बसलोय ते कळतं.

दुसरा आणि तिसरा कॅमेरा बाजूंना, मधल्या रेषेपासून साधारण तीस अंशांवर. दिवाणखान्याच्या नाटकात एक जण सोफ्यावर आणि दुसरा दाराशी, मध्ये तीन मीटर मोकळे. समोरून दोघांना घेतलं की फ्रेमच्या मधोमध रिकामी भिंत बोलत बसते. बाजूने घेतलं की तेच अंतर दाबलं जातं आणि दोघं एका चौकटीत नीट बसतात. इथे ७०-२०० मिलिमीटरची लेन्स लागेल. एपीएस-सी (फुल फ्रेमहून लहान) सेन्सरवर, १२ मीटरवरून, २०० ला सुमारे १.४ मीटर रुंदी येते, म्हणजे छातीपर्यंतचा माणूस. त्यावर लेन्सचं छिद्र एफ ४ असताना फोकसची खोली जेमतेम ६० सेंटिमीटर असते. नट एक पाऊल पुढे आला की गेला. चेहरा ओळखणारा ऑटोफोकस इथे वापरायला हरकत नाही, पण ब्लॅकआउटमध्ये तो सैरभैर होतो, तेवढ्यापुरता बटणाने बंद करायची सवय कॅमेरामनला लावा.

कॅमेरामनने नाटक निदान दोनदा आधी बघितलेलं असावं आणि खुणा केलेली संहिता जवळ असावी. दुसरा कॅमेरा बोलणाऱ्यावर. तिसरा ऐकणाऱ्यावर, हे मात्र बजावून सांगा, कारण हात आपसूक बोलणाऱ्याकडे वळतो. सून बोलत असताना सासऱ्यांचा चेहरा घेतलेला नसेल, तर वर सांगितलेला पेल्याचा विनोद तुमच्याकडे नाहीच. वाक्य चालू असताना झूम नाही. कॅमेऱ्याचे लाल दिवे काळ्या पट्टीने झाका आणि त्यांच्या स्क्रीनचा उजेड मंद करा. तिकीट काढून आलेल्यांना मागच्या रांगेत टीव्हीच्या दुकानात बसल्यासारखं वाटता कामा नये.

सेकंदाला १०० मेगाबिटने चित्रण केलं तर तासाला ४५ जीबी लागतात, अडीच तासांना ११२. म्हणजे १२८ जीबीचं कार्ड काठोकाठ. मध्यंतरात कार्ड आणि बॅटरी बदला, पण तिन्ही कॅमेरे एकदम बंद करू नका, आळीपाळीने करा. काही कॅमेरे अर्ध्या तासाला आपोआप थांबतात, ते आधीच तपासा.

संकलनात माझं मत स्पष्ट आहे: कमी कापा. एंट्री, एक्झिट, तीन-चार जणांचा गोंधळ या वेळी पूर्ण रंगमंच दाखवा. हशा फुटला की पूर्ण चौकटीवर या, कारण प्रेक्षक हसलेत ते सगळं चित्र बघून. सेट बदलायचे वीस-तीस सेकंदांचे ब्लॅकआउट तीन-चार सेकंदांवर आणा. कुजबुज आणि आरोळी यांतलं अंतर नाट्यगृहात चालतं, फोनच्या स्पीकरवर नाही. संवादांवर दोनास एक ते तीनास एक इतकं कॉम्प्रेशन (मोठा आवाज दाबून हळू आवाजाच्या जवळ आणणं) द्या. यूट्यूब साधारण उणे १४ एलयूएफएसहून (कानाला जाणवणाऱ्या सरासरी आवाजाचं माप) मोठा आवाज तिथवर खाली आणतं, तुम्हीच तो तिथे नेऊन ठेवा.

तिकडे वाढलेल्या मुलांसाठी इंग्रजी उपशीर्षकं घालणार असाल, तर विनोदाचा शेवटचा तुकडा वेगळ्या ओळीत तोडा आणि नटाने तो उच्चारल्यावरच पडद्यावर येऊ द्या. नाहीतर मंडळाच्या हॉलमध्ये अर्धी मंडळी आधी हसतात आणि उरलेल्यांना वाक्य ऐकू येत नाही.

थेट प्रक्षेपणाच्या मोहात पहिल्याच वेळी पडू नका. करायचंच असेल तर तारेचं ब्रॉडबँड हवं. पूर्ण एचडीला पाच-सहा मेगाबिट लागतात, अपलोड त्याच्या दुप्पट असावं. मोबाइलचं नेटवर्क प्रेक्षक बसले की मान टाकतं. आणि आपला रात्री नऊचा प्रयोग उन्हाळ्यात न्यूयॉर्कला सकाळी साडेअकराला, कॅलिफोर्नियात साडेआठला पडतो. दुपारी चारचा प्रयोग न्यूयॉर्कला पहाटे साडेसहाला कोण बघणार!

परवानग्या तालमी सुरू व्हायच्या आत घ्या. लेखकाने प्रयोगाची परवानगी दिली म्हणजे चित्रणाची दिली असं होत नाही, ते दोन वेगळे हक्क आहेत. हौशी संस्थेला विनामूल्य प्रेक्षकांसमोर प्रयोग करायला कायद्यात जी सवलत आहे तीही चित्रणाला लागू पडत नाही. लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतात. राम गणेश गडकरी १९१९ साली गेले, तिथे प्रश्न नाही. पु. ल. देशपांडे २००० साली गेले, म्हणजे त्यांच्या लेखनाचे हक्क २०६० अखेरपर्यंत. नटांचीही लेखी संमती हवी, कलावंताचा हक्क कायद्याने वेगळा दिलेला आहे. बऱ्याच नाट्यगृहांत चित्रीकरणाचे नियम आणि भाडं वेगळं असतं, तारीख घेतानाच विचारा.

प्रसंगात रेडिओवर जुनं चित्रपटगीत लावलंय? यूट्यूबची यंत्रणा ते काही सेकंदांत ओळखते. मग जाहिरातीचे पैसे दुसऱ्याकडे जातात, नाहीतर काही देशांत व्हिडिओच दिसत नाही. कदाचित नेमका त्याच देशात, जिथे तुमची मावशी आहे. संगीत वेगळ्या ट्रॅकवर घ्यायला सांगितलं ते यासाठी: संवादांना धक्का न लावता गाणं बदलता येतं. नाट्यगृहात ते हळूच वाजवा, म्हणजे नटांच्या माइकमध्येही उतरणार नाही.

लेखकाकडून पत्र घेताना एक गोष्ट हमखास निसटते. कॉपीराइट कायद्याच्या कलम १९ नुसार हक्क देण्याच्या करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत धरला जातो. तुम्हाला दाखवायचंय ते परदेशात. तेव्हा पत्रात किती वर्षं, "जगभर" आणि "इंटरनेटवरील प्रदर्शनासह" हे तिन्ही अक्षरशः लिहून घ्या.